कॅमेरा नको, फिल्मची पट्टी द्या

१९३५ साली ब्रिटनच्या चित्रपटगृहांमध्ये टपाल खात्याची एक जाहिरात झळकली. तिच्यात पोस्टमन नव्हता, टपालपेटी नव्हती, पार्सल हाती घेऊन दारात हसत उभी असलेली गृहिणीही नव्हती. एका क्युबन वाद्यवृंदाच्या ठेक्यावर पडदाभर रंगीत रेघा थरथरत होत्या, ठिपके उड्या मारत होते, नागमोडी पट्टे एकमेकांना ओलांडून जात होते. जेमतेम चार मिनिटांच्या या खेळात अगदी शेवटी अक्षरे उमटली, ती पार्सलचे दर स्वस्त झाल्याचे सांगणारी. फिल्मचे नाव ‘अ कलर बॉक्स’. करणारा लेन लाय, न्यूझीलंडहून लंडनला येऊन राहिलेला कलावंत. त्याने ती चित्रित केलीच नव्हती. सेल्युलॉइडच्या पट्टीवर त्याने थेट रंग लावले होते. त्याच वर्षी ब्रसेल्सच्या महोत्सवात परीक्षकांना तिला बसवायला एकही गट सापडेना, तेव्हा त्यांनी नवा गट काढून तिला पदक दिले.

या घटनेला नव्वद वर्षे उलटली. कॅमेऱ्याशिवाय फिल्म करण्याच्या या पद्धतीला जगभरात मोठा इतिहास आहे, तिला पारितोषिके मिळाली आहेत, तिच्यावर पुस्तके निघाली आहेत. आपल्याकडे मात्र चित्रपटाच्या चर्चेत तिचा उल्लेख झालाच तर एखादी गंमत म्हणून होतो. ही गंमत नव्हे. चित्रपट म्हणजे काय, हे शिकवण्याचा याहून स्वस्त आणि याहून प्रामाणिक मार्ग सापडणे कठीण आहे. पहिला भारतीय कथापट जिथे तयार झाला आणि फिल्म इन्स्टिट्यूट व राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय जिथे उभे राहिले, त्या महाराष्ट्राने या पद्धतीला शाळेच्या चित्रकलेच्या तासापासून कलामहाविद्यालयापर्यंत जागा द्यायला हवी.

काम कसे चालते, ते आधी पाहू. काचेखाली दिवा असलेल्या टेबलावर फिल्मची पट्टी ताणून चिकटवतात. पट्टीची एक बाजू गुळगुळीत असते आणि दुसऱ्या बाजूवर रसायनाचा थर, म्हणजे इमल्शन. कोणती बाजू कोणती, हे ओळखायला जुने लोक पट्टीचे टोक ओल्या ओठाला लावून पाहत. चिकटली ती इमल्शनची बाजू. पारदर्शक पट्टी असेल तर तिच्यावर शाईने किंवा रंगाने काढायचे. काळी पट्टी असेल तर सुईने, ब्लेडने, खिळ्याने थर खरवडायचा आणि प्रकाशाला वाट करून द्यायची. ३५ मिलिमीटर फिल्मवर प्रत्येक फ्रेमच्या दोन्ही कडांना चार-चार छिद्रे असतात, त्यामुळे छिद्रे मोजत गेले की फ्रेमची हद्द कळते. एका फुटात १६ फ्रेम, एका सेकंदात २४. म्हणजे एका मिनिटाच्या फिल्मसाठी ९० फूट पट्टी आणि १,४४० चित्रे.

यातली प्रत्येक फ्रेम, म्हणजे चौकट, जेमतेम २२ मिलिमीटर रुंद. ती नऊ मीटरच्या पडद्यावर पडते तेव्हा सुमारे चारशे पट मोठी होते. पट्टीवर एक मिलिमीटर जाडीची रेघ ओढली, तर पडद्यावर ती हातभर रुंद दिसते. धुळीचा कण, बोटाचा ठसा, हाताची किंचित थरथर, सगळे पडद्यावर येते. एकच ठिपका सलग २४ चौकटींत ‘त्याच जागी’ काढायचा म्हटले तरी मानवी हाताला ते साधत नाही. तो ठिपका पडद्यावर धडधडत राहतो. हे थरथरणे या फिल्मचा स्वभाव आहे आणि जाणकार कलावंत ते लपवत नाहीत, त्याच्याकडून काम करून घेतात.

रंगीत प्रिंटची काळी पट्टी खरवडताना तर आणखी एक नवल घडते. तिच्यावर रंगांचे तीन थर असतात. सुई हलकेच फिरवली की वरचा थर निघतो आणि रेघ हिरवी दिसते. थोडा जोर दिला की ती पिवळी होते. तळापर्यंत खरवडले की शुभ्र प्रकाश बाहेर येतो. रंगाची बाटली न उघडता केवळ हाताच्या दाबावर तीन रंग मिळतात. छायांकनाच्या पुस्तकात वाचलेली रंगीत फिल्मची रचना विद्यार्थ्याच्या बोटांना कळते ती अशी.

या पद्धतीचा उगम बऱ्याच अंशी टंचाईत आहे. लेन लायकडे चित्रीकरणाला पैसे नव्हते, तेव्हा फिल्मचे टाकाऊ तुकडे गोळा करून तो त्यांच्यावर प्रयोग करू लागला. स्कॉटलंडचा नॉर्मन मॅकलॅरन १९३३च्या सुमारास ग्लासगोच्या कलाशाळेत शिकत होता. त्याच्याकडेही कॅमेरा नव्हता. त्याने एक झिजलेली ३५ मिलिमीटरची जुनी प्रिंट मिळवली, ती बाथटबमध्ये भिजत घालून तिच्यावरचा थर सुटा केला आणि कोऱ्या झालेल्या पट्टीवर रंगीत शाईने काढायला बसला. पुढे त्याने लायची ‘अ कलर बॉक्स’ पाहिली आणि आपण चाललो तो रस्ता खरा आहे, याची त्याला खात्री पटली. अमेरिकेत स्टॅन ब्रॅकेजचेही तेच. १९६० नंतरच्या काळात तो इतक्या ओढाताणीत होता की कच्ची फिल्म विकत घेणे परवडत नव्हते. दिव्यावर झेप घेऊन मरणारे पतंग त्याला दिसत होते. त्याने त्यांचे पंख, फुलांच्या पाकळ्या आणि गवताची पाती गोळा केली, फिल्म जोडण्याच्या पारदर्शक चिकटपट्टीच्या दोन थरांमध्ये ती दाबून बसवली आणि त्या पट्टीवरून प्रिंट काढून घेतली. १९६३ची ‘मॉथलाइट’ ती हीच. पंखाची लांबी अनेक चौकटींवर पसरलेली, त्यामुळे पडद्यावर तो तुकड्यातुकड्यांनी झळकतो. शिरा दिसतात, लव दिसते, पाकळीची जाळी दिसते. मेलेल्या पतंगांना प्रोजेक्टरच्या दिव्याने पुन्हा फडफडायला लावणारी ही फिल्म आज जगभरच्या चित्रपट-अभ्यासक्रमांत दाखवली जाते.

इथे थोडे थांबायला हवे. हे तिघेही एरवी कॅमेरा हाताळणारेच होते. मॅकलॅरनला ऑस्कर मिळवून देणारी १९५२ची ‘नेबर्स’ कॅमेऱ्याने केलेली आहे आणि ब्रॅकेजने कॅमेऱ्याने शेकडो फिल्म्स केल्या. तरीही तिघेही हाताने पट्टीवर काम करण्याकडे वळत राहिले, नाव झाल्यावरही. याचा अर्थ टंचाईने त्यांना या दारापर्यंत आणले, पण आत गेल्यावर त्यांना जे सापडले ते कॅमेऱ्याने मिळणारे नव्हते.

काय सापडले? सर्वांत मोलाची गोष्ट म्हणजे काळावरचा ताबा. कॅमेरा समोर घडणारी हालचाल टिपतो. इथे समोर काहीच घडत नसते. हालचाल जन्मते ती एका चौकटीच्या आणि पुढच्या चौकटीच्या मधल्या फरकातून. मॅकलॅरनची १९५५ची ‘ब्लिंकिटी ब्लँक’ पाहिली की हे लख्ख कळते. ती काळ्या पट्टीवर चाकू, सुई आणि ब्लेडने कोरलेली आहे. काळ्या अपारदर्शक पट्टीवर आधीच्या चौकटीतले चित्र नेमके कुठे होते, हे दिसत नाही. सलग जुळवणी करणे त्रासाचे. मॅकलॅरनने ती अडचणच फिल्मची रीत करून टाकली. दोन-चार चौकटी कोरायच्या, मग पुष्कळ चौकटी काळ्याच सोडायच्या, पुन्हा दोन-चार कोरायच्या. पडद्यावर काळोखात एक आकृती क्षणभर चमकते आणि विझते. उरलेली हालचाल प्रेक्षकाचा डोळा आणि मेंदू पुरवतो. कान महोत्सवात लघुपटाचा सर्वोच्च सन्मान या फिल्मला मिळाला.

आवाजाचेही तसेच. फिल्मवर चित्राशेजारी एक अरुंद पट्टा असतो, ध्वनीचा. त्याच्यातून प्रकाश जातो, कमी-जास्त होतो आणि त्याचाच आवाज बनतो. म्हणजे त्या पट्ट्यावर पेनाने रेघा काढल्या तरी प्रोजेक्टर त्या वाचणार आणि वाजवणार. जवळजवळ रेघा काढल्या की स्वर चढतो, दूर काढल्या की उतरतो. गडद काढल्या की आवाज मोठा, फिकट काढल्या की बारीक. मॅकलॅरनच्या १९४०च्या ‘डॉट्स’मध्ये चित्र आणि आवाज दोन्ही पेनाने फिल्मवर काढलेले आहेत. पुढे १९७१मध्ये ‘सिंक्रोमी’ करताना त्याने ध्वनिपट्ट्यावरचे आकारच रंगवून पडद्यावर आणले. जे ऐकू येते तेच दिसते. ध्वनी ही लहर असते, असे विज्ञानाच्या पुस्तकात वाचणे आणि आपण काढलेली लहर स्वतःच्या कानांनी ऐकणे, यांत शिकण्याच्या दृष्टीने जमीन-अस्मानाचे अंतर आहे.

कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात मॅकलॅरनने एव्हलिन लॅम्बार्ट हिच्यासोबत १९४९मध्ये ‘बिगॉन डल केअर’ केली. ऑस्कर पीटरसन यांच्या त्रिकुटाचे जॅझ संगीत आधी ध्वनिमुद्रित झाले आणि मग त्यावर पट्टी रंगवली गेली. या दोघांनी चौकटींचा हिशेब बाजूला ठेवला आणि लांबच लांब पट्ट्यांवर दोन्ही बाजूंनी रंग फासले. ओल्या रंगावर जाळीची कापडे दाबून त्यांचे ठसे उठवले. रंग वाळताना पडणाऱ्या भेगा आणि बसणारी धूळ त्यांनी मुद्दाम वापरली. एरवी प्रयोगशाळेत धुळीचा कण दिसला तर माणसाची नोकरी जायची वेळ यायची. इथे धूळ पियानोच्या सुरांबरोबर नाचते. मधल्या संथ भागात काळ्या पडद्यावर फक्त उभ्या पातळ रेघा आहेत, आणि त्या संगीताशी इतक्या एकरूप आहेत की आपण पियानो पाहतो आहोत असे वाटते. लॅम्बार्टचे नाव बराच काळ मॅकलॅरनच्या सावलीत राहिले. या फिल्मचे श्रेय तिचेही आहे, हे ठासून सांगायला हवे.

हाताने रंगवणे आणि खरवडणे यांच्याही पलीकडे काही जण गेले. १९२३च्या जुलैत पॅरिसच्या दादावाद्यांच्या कार्यक्रमासाठी मॅन रे या छायाचित्रकाराने घाईघाईत एक फिल्म उभी केली. अंधाऱ्या खोलीत त्याने कच्च्या फिल्मवर मीठ-मिरपूड भुरभुरली, टाचण्या आणि खिळे टाकले, क्षणभर दिवा लावला आणि फिल्म धुतली. कॅमेऱ्याने घेतलेल्या काही दृश्यांसोबत हे तुकडे जोडून ती दाखवली, तर जोड सुटले आणि सभागृहात गोंधळ उडाला. १९९७-९८मध्ये अमेरिकेच्या डेव्हिड गॅटनने खेकडे पकडण्याच्या पिंजऱ्यात कोरी फिल्म भरून ती दक्षिण कॅरोलायनाच्या समुद्रात सोडली. वाळू, मीठ, शिंपले आणि खेकडे यांनी तिच्यावर जे ओरखडे काढले तेच चित्र, तोच आवाज.

आणि जपानच्या तोमोनारी निशिकावाची फिल्म. २०११च्या अणुदुर्घटनेनंतर, जून २०१४मध्ये, त्याने शंभर फूट निगेटिव्ह फिल्म फुकुशिमा दाईची प्रकल्पापासून सुमारे २५ किलोमीटरवर, रस्त्याकडेच्या पालापाचोळ्याखाली पुरली. सूर्यास्ताला पुरली, दुसऱ्या दिवशी सूर्योदयाला काढली. त्या परिसरातून एकेकाळी लोकांना हलवण्यात आले होते. दोन मिनिटांच्या त्या फिल्ममध्ये निळसर पार्श्वभूमीवर ठिपक्यांची आणि चऱ्यांची झुंबड उसळते, बाकी काही नाही. ना माणूस, ना घर, ना प्रकल्पाची चिमणी. तरी ती पाहताना अंगावर काटा येतो, कारण ही फिल्म त्या जागेचे चित्र काढत नाही, ती त्या जागेत झोपून आलेली आहे. अमूर्त कलेला वास्तवाशी देणेघेणे नसते, असे म्हणणाऱ्यांनी ही दोन मिनिटे जरूर पाहावीत.

आता मुख्य आक्षेप. ‘हे सगळे ठीक, पण यात अर्थ काय?’ गोष्ट नाही, पात्र नाही, संदेश नाही. चित्रपट म्हटला की कथा, हे समीकरण मराठी प्रेक्षकाच्या मनात घट्ट बसलेले आहे आणि त्यात गैर काही नाही. पण हाच प्रेक्षक पुण्याच्या सवाई गंधर्व महोत्सवात तासन् तास बसून आलाप ऐकतो. तराण्यातल्या बोलांचा अर्थ तो कधी विचारत नाही. समेवर दाद द्यायला त्याला कथानक लागत नाही. लयीचा, पुनरावृत्तीचा, अपेक्षाभंगाचा आनंद घ्यायला त्याचा कान तयार आहे. लायची ‘फ्री रॅडिकल्स’ पाहताना हाच कान डोळ्यांच्या मदतीला येतो. १९५८च्या या फिल्ममध्ये काळ्या पडद्यावर आफ्रिकी ढोलांच्या तालावर पांढऱ्या रेघा वळतात, पिळतात, उसळतात. एवढेच. ज्याला तबल्याचा एकल कार्यक्रम कळतो, त्याला ही फिल्म कळायला टीकाकाराची गरज नाही.

चित्रकलेतही महाराष्ट्र अमूर्ताला परका नाही. नागपूरला जन्मलेले आणि जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून बाहेर पडलेले वासुदेव गायतोंडे हे देशातल्या अमूर्त चित्रकारांत अग्रगण्य मानले जातात. त्यांची चित्रे लिलावात कोट्यवधींना विकली जातात आणि वर्तमानपत्रे त्याच्या बातम्या देतात. मग अमूर्ताने पडद्यावर पाऊल टाकले की ते आपल्याला उपरे का वाटावे?

खरे तर ते उपरे नव्हतेच. चित्रकार अकबर पदमसी यांनी जवाहरलाल नेहरू फेलोशिपच्या पैशांतून १९६९च्या सुमारास मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केली. चित्रकार, छायाचित्रकार, चित्रपटकर्मी यांना तिथे एकत्र प्रयोग करता येत. तरुण चित्रकार नलिनी मलानी तिथेच छायाचित्र आणि फिल्मच्या प्रयोगांकडे वळल्या आणि कॅमेरा न वापरता छायाचित्रे करण्याचे प्रयोगही त्यांनी त्या काळात केले. पदमसींनी स्वतः ‘सिझिजी’ केली. ती कॅमेऱ्यानेच चित्रित झाली, पण तिच्यात वस्तुजगातले काहीही नाही. संख्यांच्या नियमातून निघणाऱ्या रेषा आणि बिंदू मूकपणे पडदा व्यापत जातात. त्यांची दुसरी फिल्म, ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’, हिची एकुलती एक प्रिंट हरवली. एका मोठ्या भारतीय चित्रकाराची फिल्म आपण सांभाळू शकलो नाही. दुसऱ्या देशात अशा गोष्टीची हळहळ पिढ्यान् पिढ्या झाली असती.

सरकारी छत्राखालीही हे घडत होते. मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पती यांनी १९६८मध्ये ‘एक्स्प्लोरर’ केली आणि त्याच काळात कुटुंबनियोजनाच्या प्रचारासाठी मॅकलॅरनच्या ‘नेबर्स’सारखे माणसांना बाहुल्यांप्रमाणे हलवणारे तंत्र वापरले. त्या काळी चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट दाखवणे बंधनकारक होते, त्यामुळे असे प्रयोग सामान्य प्रेक्षकांसमोरही येऊ शकत. स्वतः मॅकलॅरन युनेस्कोच्या उपक्रमातून शिकवण्यासाठी भारतात येऊन गेला होता. इथे एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. ‘अ कलर बॉक्स’ला पैसा दिला ब्रिटनच्या टपाल खात्याच्या फिल्म विभागाने, जॉन ग्रिअरसन यांच्या नेतृत्वाखाली. मॅकलॅरनला आयुष्यभर पगार दिला कॅनडाच्या सरकारी फिल्म बोर्डाने आणि त्याला तिथे बोलावून घेतले ते याच ग्रिअरसननी. पतींना वाव दिला भारत सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने. तिकीटबारीवर या फिल्म्स कधीच तगणार नव्हत्या. सार्वजनिक पैसा आणि एखादा मोकळ्या मनाचा अधिकारी, या दोन गोष्टी जुळल्या तिथे त्या झाल्या. म्हणूनच ही मागणी सार्वजनिक संस्थांकडे करणे रास्त आहे.

फिल्म ही हाताने घडवायची वस्तू आहे, याचे भानही महाराष्ट्राला नवे नाही. १९१२मध्ये दादासाहेब फाळके लंडनहून कॅमेरा आणि फिल्मला छिद्रे पाडण्याचे यंत्र घेऊन आले, कारण त्या काळी कच्ची फिल्म छिद्रांशिवाय येत असे. दादरच्या घरात अंधारात बसून त्या फिल्मला छिद्रे पाडण्याचे आणि ती धुण्याचे काम सरस्वतीबाई फाळके करत. ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर हलला तो त्यांनी पाडलेल्या छिद्रांच्या बळावर. त्यानंतर कित्येक दशके गावोगावच्या मुलांनी टॉकीजच्या मागे पडलेले फिल्मचे तुकडे गोळा केले, फ्यूज झालेल्या बल्बमध्ये पाणी भरून त्याचे भिंग केले, आरशाने ऊन वळवले आणि घराच्या भिंतीवर चित्रे पाडली. जत्रेतल्या तंबू टॉकीजचे ऑपरेटर तुटलेले रीळ मिनिटभरात जोडून खेळ पुढे चालू ठेवत. ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ या २०१६च्या माहितीपटात महाराष्ट्रातल्या या फिरत्या टॉकीजचे शेवटचे दिवस पाहायला मिळतात. डिजिटल प्रोजेक्टर आले आणि ते कौशल्य दोन-चार वर्षांत बेकार झाले. रिळे भंगारात गेली, यंत्रे किलोच्या भावाने गेली.

आजच्या मुलाच्या हातात मात्र कॅमेरा आहे, आणि तो सदैव आहे. खिशातला मोबाइल हवे तितके चित्रण करतो. त्याहून पुढचे म्हणजे, आता दोन ओळी टाइप केल्या की संगणक हलती चित्रे बनवून देतो. तीही एका अर्थाने कॅमेऱ्याशिवायच झालेली फिल्म. पण तिच्यात करणाऱ्याचा हात कुठेही लागलेला नसतो आणि एका सेकंदात २४ चौकटी असतात हे त्याला ठाऊक नसले तरी चालते. चित्रे मुबलक झाली तसे त्यांच्याकडे नीट पाहणे दुर्मीळ झाले. ज्या मुलाने एका सेकंदासाठी २४ चित्रे स्वतः काढली, त्याला एक सेकंद किती मोठा असतो ते कळते. संकलनाची जाण तिथून सुरू होते. पुढे तो मोबाइलवर काम करो, संगणकावर करो की मोठ्या कॅमेऱ्यावर, ही जाण त्याच्यासोबत राहते.

काही पथ्ये मात्र पाळलीच पाहिजेत. सापडले ते जुने रीळ उघडून खरवडायला घेणे हा गुन्हा ठरेल. भारतातल्या मूकपटांपैकी बहुतेक नष्ट झाले आहेत आणि कुठल्या डब्यात एखाद्या चित्रपटाची शेवटची प्रत असेल, हे सांगता येत नाही. आधी संग्रहालयाच्या जाणकारांनी पाहावे, टाकाऊ ठरवावे, मगच ते सुईखाली जावे. फार जुनी नायट्रेट फिल्म विलक्षण ज्वालाग्राही असते. पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात जानेवारी २००३मध्ये लागलेल्या आगीत ‘प्रभात’सह अनेक जुन्या चित्रपटांची नायट्रेट रिळे खाक झाली, ही जखम अजून ओली आहे. रंगांबाबतही सावधगिरी हवी. ब्रॅकेजला मूत्राशयाचा कर्करोग झाला आणि आपण वर्षानुवर्षे वापरलेल्या डांबरापासून बनलेल्या रंगांमुळे तो झाला, असा त्याला संशय होता. मुलांच्या हाती निर्धोक शाई आणि रंगच द्यावेत, ब्लीचसारखी रसायने देऊ नयेत. वेगाने लुकलुकणाऱ्या फिल्म्स अपस्माराच्या रुग्णांना त्रासदायक ठरू शकतात, ही सूचना प्रत्येक खेळाआधी द्यावी.

खर्चाचे कारण कोणी पुढे करू नये. दहा फूट टाकाऊ फिल्म, शिवणाची सुई, मार्कर आणि काचेखाली एक दिवा, एवढ्यावर सुरुवात होते. प्रोजेक्टर नसेल तर पट्टी स्कॅनरवर ठेवून चौकटी संगणकात घ्याव्यात आणि ओळीने चालवाव्यात. महाराष्ट्रातली लाखो मुले एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या शासकीय चित्रकला परीक्षांना बसत आली आहेत. त्यात ‘संकल्पचित्र’ नावाचा विषय आहे. आकार, रंग आणि पुनरावृत्ती यांतून कागदावर रचना करायला मूल तिथे शिकतेच. त्या रचनेला काळाची जोड दिली की फिल्म होते. म्हणजे अभ्यासक्रमातली जमीन तयार आहे, पेरणी तेवढी बाकी आहे. शहरांत काही माणसे हे काम करतही आहेत. २००३मध्ये मुंबईत सुरू झालेल्या ‘एक्सपेरिमेंटा’ महोत्सवाने देशातल्या प्रायोगिक फिल्मला व्यासपीठ दिले आणि मुंबईतल्या हरकत स्टुडिओजने १६ मिलिमीटर फिल्मचे महोत्सव भरवले. पण ही मोजक्या उत्साही लोकांची धडपड आहे. ती संस्थांच्या बळावर गावागावात पोचायला हवी.

म्हणून काही थेट मागण्या. पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाने आणि मुंबईतल्या चित्रपट संस्थांनी तपासून टाकाऊ ठरवलेली फिल्म भंगारवाल्याला न देता शाळा आणि कलामहाविद्यालयांना द्यावी. फिल्म इन्स्टिट्यूटने पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांना घेऊन जिल्ह्याजिल्ह्यांत दोन दिवसांच्या कार्यशाळा घ्याव्यात. जिथे चालू स्थितीतला ३५ किंवा १६ मिलिमीटरचा प्रोजेक्टर उरला आहे तिथे तो विकू नये, आणि तो चालवणाऱ्या जुन्या ऑपरेटरांना मानधन देऊन शिकवायला बोलवावे. आंतरराष्ट्रीय महोत्सवांनी बालविभागात मुलांनी रंगवलेल्या पट्ट्यांसाठी अर्धा तास राखून ठेवावा. आणि चित्रकलेच्या शिक्षकांनी कोणाच्या आदेशाची वाट पाहू नये. मॅकलॅरनच्या बऱ्याच फिल्म्स कॅनडाच्या फिल्म बोर्डाच्या संकेतस्थळावर मोफत पाहता येतात. पुढच्या तासाला ‘ब्लिंकिटी ब्लँक’ची पाच मिनिटे वर्गाला दाखवावीत, वर्गातल्या प्रत्येकाला फूटभर पट्टी द्यावी आणि सगळ्या पट्ट्या जोडून चालवाव्यात. साठ मुलांच्या वर्गातून चाळीस सेकंदांची फिल्म तयार होईल, आणि तिच्यात प्रत्येक मुलाची सोळा चित्रे असतील.